तीन महिने कशासाठी थांबायचे?

सप्रेम नमस्कार.

पुण्याहून फ्रँकफर्टला कुत्रा नेण्याविषयीच्या माझ्या लेखावर आपण लिहिले आहे की, रेबीजच्या रक्ततपासणीत पुरेशी प्रतिपिंडे (अँटिबॉडीज) आढळल्यावरही युरोपीय संघाच्या नियमाने तीन महिने थांबायला लावणे हा निव्वळ कागदी छळ आहे आणि त्याची बाजू घेऊन मी मुक्या जिवावर अन्याय केला आहे.

प्रति मिलिलिटर किमान ०.५ आंतरराष्ट्रीय एकक प्रतिपिंडे आढळली म्हणजे लस लागू पडली, एवढेच ती तपासणी सांगते. लस टोचण्यापूर्वीच त्या कुत्र्याला एखादा पिसाळलेला कुत्रा चावला असेल, तर विषाणू मज्जातंतूंतून मेंदूकडे सरकत असतानाही कुत्रा बाहेरून ठणठणीत दिसतो, आणि हा अधिशयन काळ, म्हणजे संसर्गापासून लक्षणे दिसेपर्यंतचा काळ, कित्येकदा काही महिन्यांचा असतो. थांबायचे ते असा छुपा संसर्ग उघड व्हावा म्हणून; पण नुसते थांबणेही पुरत नाही. १९६९ साली इंग्लंडमधील कॅम्बर्ली येथे जर्मनीहून आलेला टेरियर जातीचा एक कुत्रा सहा महिन्यांच्या विलगीकरणातून सुटल्यावर काही दिवसांतच पिसाळला होता. त्यामुळे लस, तपासणी आणि प्रतीक्षा या तिन्हींपैकी एकही गोष्ट एकटी पुरेशी मानली जात नाही, हे मला पटते.

एका बाबतीत मात्र आपला राग रास्त आहे. हे तीन महिने अहवालाच्या नव्हे, तर रक्ताचा नमुना घेतल्याच्या तारखेपासून मोजतात, आणि तो नमुना लसीनंतर किमान ३० दिवसांनी घ्यावा लागतो, हे मी स्पष्ट लिहायला हवे होते. कुत्र्याची ओळख पटवणारी, कातडीखालची मायक्रोचिप लसीच्या आधी किंवा त्याच दिवशी बसवणेही तितकेच आवश्यक आहे. आमच्या मोतीला आधी लस दिली गेली आणि चिप नंतर बसली, म्हणून लस पुन्हा टोचावी लागली, सारी गणती नव्याने सुरू झाली आणि काढलेले तिकीट वाया गेले.

तरीही निर्दयपणाचा आरोप मला मान्य नाही. तो सारा काळ मोती सदाशिव पेठेत माझ्या आईजवळ, ओळखीच्या अंगणात आणि ओळखीच्या हातचे खात होता. अपुऱ्या कागदांनिशी युरोपीय संघात पोहोचलेल्या प्राण्याला मालकाच्या खर्चाने परत पाठवतात किंवा विलगीकरणात ठेवतात, आणि दुसरा मार्गच उरला नाही तर दयामरण देण्याचीही तरतूद नियमात आहे. माझ्या माणसाळलेल्या, वृद्ध कुत्र्यासाठी परक्या देशातल्या पिंजऱ्यापेक्षा आईचे अंगण मी पुन्हाही निवडेन.

मूळ लेखातील तारखांचा क्रम आज दुरुस्त केला आहे.