मार्शल हवाय? मग कोर्टही घ्या

पोलिसांच्या गोळीने आरोपी मेला की गावाकडच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कुणीतरी लिहितंच, ‘आपल्याला वाइल्ड वेस्टसारखा मार्शल पाहिजे, कोर्टाची भानगडच नको.’ अ‍ॅरिझोनात राहून हे वाचताना डोकं फिरतं. ज्याची आरती चालली आहे, त्याच्या गावाचा कारभार तरी बघा!

वाइल्ड वेस्टमधलं नावाजलेलं टूमस्टोन हे अ‍ॅरिझोनातलंच गाव, १८७९ मध्ये चांदीच्या खाणींमुळे वसलं. एप्रिल १८८१ मध्ये तिथल्या नगरपालिकेने नववा नियम केला: गावात हत्यार घेऊन फिरायचं नाही, आल्याबरोबर तबेल्यात, हॉटेलात किंवा गुत्त्यात जमा करायचं. मार्शल म्हणजे गावचा पोलीसप्रमुख, आणि ही जप्ती त्याच्या कामाचा भाग. कौंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, पोलीसप्रमुखाचं (शेरीफचं) लक्ष करवसुलीकडे, कारण वसुलीचा दहावा हिस्सा त्याचा. २६ ऑक्टोबर १८८१ ला सकाळी ‘काऊबॉय’ टोळीतल्या आयक क्लँटनला याच नियमाखाली कोर्टात उभं करून २५ डॉलर दंड आणि वर अडीच डॉलर खर्च लावला. दुपारी मार्शल व्हर्जिल अर्प त्याच्या साथीदारांची हत्यारं काढून घ्यायला गेला आणि अर्ध्या मिनिटाच्या गोळीबारात समोरचे तिघे मेले.

‘ओके कोरल’च्या या चकमकीवरचे बरेच सिनेमे इथे संपतात. गावात मात्र क्लँटनने खुनाची फिर्याद केली, नगरपालिकेने व्हर्जिलला निलंबित केलं, चकमकीत त्याच्यासोबत असलेले भाऊ वायट आणि वायटचा मित्र डॉक हॉलिडे काही दिवस तुरुंगात होते. न्यायाधीश वेल्स स्पायसरपुढे महिनाभर साक्षी झाल्या. त्याने खटला उभा राहण्याइतका पुरावा नाही म्हणून सगळ्यांना सोडलं. पण या दोघांना मदतीला घेतल्याबद्दल व्हर्जिलची कानउघाडणीही केली. आपल्याकडे एवढं विचारलं तरी तुम्ही गुन्हेगाराच्या बाजूचे ठरता.

ओकली हॉलच्या ‘वॉरलॉक’ (१९५८) या कादंबरीचा सगळा जीव ‘बंदूक चालवणाऱ्याला अधिकार कुणी दिला?’ या प्रश्नात आहे. कादंबरीतल्या गावाला सनद नाही, म्हणून कायदेशीर मार्शल नेमता येत नाही. व्यापारी समिती करतात आणि पगार देऊन ब्लेझडेल हा बंदूकबाज आणतात. समिती नाव जाहीर करील त्याने गाव सोडायचं, परतला तर गाठ ब्लेझडेलशी. गुरंचोरांपुरतं हे सगळ्यांना पटतं. पुढे खाणकामगारांचा संप येतो, तेव्हा यादी कोण करतं आणि पगार कोण देतो, हे झोंबायला लागतं. त्याच्या शेजारी शेरीफचा डेप्युटी (हाताखालचा अधिकारी) गॅनन: नेम बेताचा, पण बिल्ला खरा. मला ब्लेझडेलपेक्षा तोच भावतो.

शिवाय सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये महाराष्ट्रातल्याच प्रकरणात चकमकींसाठी नियम घालून दिलेत: तपास सीआयडीने किंवा दुसऱ्या ठाण्याच्या पथकाने करायचा, दंडाधिकाऱ्यांची चौकशी व्हायची, लगेच बढती किंवा शौर्यपदक नाही. हे मी ग्रुपवर टाकलं की उत्तर येतं, ‘तुला तिकडे बसून बोलायला काय जातं?’

इकडेही पोलिसांच्या गोळ्यांनी वर्षाला हजाराच्या आसपास माणसं मरतात आणि अ‍ॅरिझोनात २०१० पासून विनापरवाना पिस्तूल लपवून नेता येतं. वादात मी हे आकडे गाळतो आणि ‘आमचा शेरीफ आम्ही निवडतो, तुमचा मुंबईचा शेरीफ नुसता मानाचा’ एवढंच ऐकवतो. टोमणा बरोबर वर्मी लागतो. पण फिर्याद घेऊन तिथल्या ठाण्याच्या बाकावर ताटकळायची वेळ आता माझ्यावर येत नाही, ती त्यांच्यावर येते. ‘आपले पोलीस’ म्हणायची सवय मात्र अजून सुटलेली नाही.