गाडी न्या, पण पेट्रोल?

आमच्यातल्या एका दोस्ताला गाडी द्यायची म्हणजे डोक्याला ताप आहे बघा. "गणपत गल्लीत जाऊन आलोच की रे, पाच मिनिटं" म्हणून किल्ली नेतो आणि संध्याकाळी आणून लावतो तेव्हा काटा पार खाली, आरसे भलतीकडंच वळलेले, हेल्मेटच्या आत घामाचा वास, आणि सीटखाली कुठल्यातरी दुकानाची चुरगाळलेली बिलं. मग सकाळी मी ऑफिसला निघतो, टिळकवाडीत रेल्वेच्या दुसऱ्या गेटला फाटक पडलेलं, वरनं आपल्या बेळगावचा तो चिकट पाऊस, आणि गाडी तिथंच बंद! मागनं सगळे हॉर्न मारायलेत, मी रेनकोटात ढकलायलोय. आणि ह्याला फोन केला तर काय म्हणावं, "रिझर्व्हला पण लई लांब जाते की रे तुझी गाडी." अरे बाबा, ही फ्युएल इंजेक्शनवाली गाडी आहे, इंजिनला पेट्रोल पोचवणारा पंप टाकीतच असतोय, त्याला थंड ठेवतंय ते पेट्रोलच. सारखी कोरडी पळवलीस तर पंप जळणार कुणाचा? माझाच की!

बरं माणूस कंजूष म्हणावा तर तसंही नाही हो. चहाचं बिल कधी मला देऊ देत नाही, आजारी पडलो तर रात्रभर दवाखान्यात बसतोय. फक्त पेट्रोल पंपावर गाडी वळवायची म्हटलं की ह्याच्या जिवावर येतं. कालच बोलायचं ठरवून बसलो होतो, तर हा दारात हजर, हातात अर्धा किलो कुंदा, "वहिनीला आवडतोय म्हणून आणला." आणि दुसऱ्या हातात माझीच किल्ली. काय बोलणार आता, सांगा.