कोजी याकुशोबद्दल, जरा रागानेच

आज दुपारी एका ग्रुपवर 'परफेक्ट डेज' या सिनेमाचा विषय निघाला. त्यात कोजी याकुशो हा जपानी नट टोकियोतले सार्वजनिक संडास साफ करणारा माणूस झालाय. कुणीतरी लिहिलं, "दोन तास संडास घासतो, बोलत नाही, यात ॲक्टिंग कुठंय?" खाली हसणाऱ्या इमोजींची रांग. तेव्हापासून डोकं फिरलंय.

हा सिनेमा मी आईबरोबर पाहिला. आईची सगळी नोकरी सरकारी दवाखान्यात आया म्हणून गेली. इंग्रजी सबटायटल्स तिला वाचता येत नाहीत, पण तिचं काही अडलं नाही. याकुशो छोटा आरसा धरून संडासाच्या भांड्याच्या कडेखाली बघतो ना, जिथे कुणाचीच नजर जात नाही, तिथे ती एकदम पुढे सरकून बसली. "अगं, याने हे काम केलेलं आहे." नट आहे गं तो, मी म्हटलं. तिला पटेना.

मग ॲक्टिंग म्हणजे अजून काय असतं? आरडाओरडा?

हा माणूस १९५६ चा, नागासाकीकडच्या इसाहायाचा. टोकियोत चियोदा वॉर्डाच्या कचेरीत नोकरीला होता. तात्सुया नाकादाई या नामवंत जपानी नटाचं नाटक पाहिलं आणि पुढे नोकरी सोडून त्यांच्याच नाट्यशाळेत गेला. १९८३ ला एनएचके या जपानी टीव्ही वाहिनीच्या 'तोकुगावा इएयासु' या ऐतिहासिक मालिकेत ओदा नोबुनागा हा लढवय्या सरदार केला आणि घराघरांत पोचला. जन्मभर तलवारी फिरवत बसला असता तरी लोकांनी डोक्यावर घेतलं असतं. पण 'शॅल वी डान्स'मध्ये (१९९६) तो ऑफिसात मान खाली घालून काम करणारा बाबू झाला. घरी न सांगता डान्स क्लासला जाणारा. टेबलावर कागद आणि टेबलाखाली पाय गुपचूप स्टेप्स घोकतायत! पुढच्याच वर्षी 'द ईल'. बायकोचा खून करून तुरुंगातून सुटलेला न्हावी, मोकळेपणाने बोलतो ते पाळलेल्या वाम माशाशीच. त्याच वर्षी 'क्युअर'मधला आतून पोखरत जाणारा पोलीस. तीन माणसं, आणि एकाची सावलीसुद्धा दुसऱ्यावर नाही.

हां, 'परफेक्ट डेज'मधले संडास नामांकित वास्तुरचनाकारांनी बांधलेले, चकचकीत आहेत. आईच्या वाट्याला आले ते तसे नव्हते. गरिबी जरा जास्तच देखणी दिसते, हेही मान्य. पण तो दोष नटाचा नाही. आत कुणी आलं की हातातलं काम टाकून तो मुकाट बाहेर उभा राहतो, येणारा त्याच्याकडे बघतही नाही. ते उभं राहणं बघून आई म्हणाली, "असंच उभं राहायचं असतं."

२०२३ ला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं बक्षीस त्याला याच कामासाठी मिळालं. नसतं मिळालं तरी मी हेच म्हटलं असतं.

शेवटी तो गाडी चालवतोय, कॅमेरा चेहऱ्यावरून हलत नाही, हसू येतंय, डोळे भरतायत, पुन्हा हसू. मला वाटलं आई कंटाळली असेल. ती म्हणाली, "रात्रपाळी संपवून येताना एसटीत मला असंच व्हायचं." तिने हे मला कधी सांगितलं नव्हतं.

रविवारी तिला 'शॅल वी डान्स' दाखवणार आहे. ज्यांना यायचंय त्यांनी या, बसायला जागा आहे.