पेन्शन ही कुणाची मेहेरबानी नाही
आमची आई जिल्हा परिषदेत आरोग्यसेविका होती, 33 वर्षं. पल्स पोलिओ, ऑपरेशनचे कॅम्प, कोविडात घरोघरी सर्व्हे, सगळं केलं. निरोप समारंभाला शाल-नारळ आणि साहेबांचं भाषण झालं आणि त्यानंतर 14 महिने ना पेन्शन ना ग्रॅच्युइटी.

कारण काय तर सेवापुस्तकात 1996 च्या सेवा पडताळणीची, म्हणजे त्या वर्षी नोकरी केल्याची खात्री झाल्याची, नोंद नाही. आता ती नोंद दरवर्षी करायची कुणी? ऑफिसने. पण त्यासाठी हेलपाटे कुणी मारायचे, तर 58 वर्षांच्या बाईने, गुडघे धरून, जुन्या पीएचसीच्या (प्राथमिक आरोग्य केंद्राच्या) माळ्यावरची उंदरांनी कुरतडलेली पगारबिलं शोधत. बिल सापडलं, मग सही करणारे साहेब ट्रेनिंगला, साहेब आले तर क्लार्क रजेवर, क्लार्क आला तर नवीन त्रुटी.

अहो माणूस कधी रिटायर होणार हे तो जॉइन होतो त्याच दिवशी कळलेलं असतं ना? राज्याच्या 1982 च्या पेन्शन नियमात स्पष्ट आहे, पुढे रिटायर होणाऱ्यांची यादी दर 1 जानेवारी आणि 1 जुलैला करायची. कागद अडले तर तात्पुरती पेन्शन सुरू करायची सोयही आहे, आम्हाला ती कुणी सांगितलीसुद्धा नाही.

वर अजून एक. 2009 ला सहाव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती ऑफिसनेच चुकवलेली, म्हणून जास्त गेलेल्या पगाराची ग्रॅच्युइटीतून 1 लाख 38 हजार वसुली काढली. सुप्रीम कोर्टाने 2014 मध्येच रफिक मसीह केसमध्ये सांगितलंय की वर्ग तीन-चारच्या आणि रिटायर झालेल्या लोकांकडून अशी वसुली करता येत नाही. ही केस अर्जात लिहिल्यावर आठ दिवसांत वसुली रद्द!! म्हणजे माहीत होतं यांना.

आणि पेन्शन म्हणजे बक्षिसी नाही हे तर कोर्टाने नकारा केसमध्ये 17 डिसेंबर 1982 लाच सांगून ठेवलंय. त्या तारखेला आपण पेन्शनर्स डे करतो, सत्काराला पुन्हा शाल. 2013 च्या झारखंडच्या केसमध्ये तर पेन्शन ही मालमत्ता आहे, कायद्याचा आधार नसताना अडवता येणार नाही असं म्हटलंय. तरी पैसे जमा झाले की आपल्या लोकांना पेढे घेऊन जावंसं वाटतं. आईपण निघाली होती, मी अडवलं, त्यावरून घरात दोन दिवस अबोला.

मी म्हटलं पेढे नाही, व्याजाचा अर्ज द्यायचा. ऑफिसच्या चुकीने उशीर झाला तर त्याच पेन्शन नियमांतल्या नियम 129-अ आणि 129-ब खाली व्याज मिळतं. क्लार्क म्हणाला, "व्याज कुणी मागत नाही मॅडम." मागत नाही म्हणूनच तर चाललंय ना हे. आई म्हणे जाऊ दे, मिळाले ना पैसे, त्यांच्याशी कशाला वाईटपणा.

शेवटी सोमवारी अर्ज दिलाच. आवक टेबलवरच्या बाईंनी शिक्का मारायच्या आधी तो अख्खा वाचला, इकडेतिकडे बघितलं आणि हळूच म्हणाल्या, "याची एक झेरॉक्स द्याल का, मी मे मध्ये रिटायर होतेय."