महामंडळावर बसावे कसे आणि बसून राहावे कसे

तिकीट कापलं गेलं म्हणून असं तोंड पाडून बसू नका. विधानसभेच्या जागा २८८, परिषदेच्या ७८, त्यात सगळ्यांची सोय कशी व्हायची? महामंडळं, देवस्थानं, आयोग, प्राधिकरणं मात्र मोजायला बसलात तर चहा गार होईल. साहेब 'तुमचं बघतो' म्हणालेत ना? मग झालं. गाडीवरचा लाल दिवा २०१७ मध्ये गेला, हे खरं. पण गाडी आहे, चालक आहे, दारावर पाटी आहे.

धास्ती एकाच गोष्टीची. कुणीतरी रिकामटेकडा उठतो आणि उच्च न्यायालयात याचिका ठोकतो. म्हणून शपथविधीच्या फेट्याआधी थोडा कायदा बघून ठेवा.

सुरुवात देवाच्या नावाने करू. शिर्डीच्या साईबाबा संस्थानावर सप्टेंबर २०२१ मध्ये सरकारने विश्वस्त नेमले, अध्यक्षपदी सत्ताधारी आघाडीचे आमदार. संस्थानच्या कायद्याने विश्वस्तांमध्ये कायदा, व्यवस्थापन, अभियांत्रिकी, सार्वजनिक आरोग्य, ग्रामीण विकास वगैरे विषयांतले जाणकार मागितले आहेत. औरंगाबाद खंडपीठाने हा मजकूर चक्क वाचला आणि सप्टेंबर २०२२ मध्ये अख्खं मंडळ रद्द केलं. यातून धडा असा की, आपण कशातले जाणकार हे आधीच ठरवून ठेवा. ग्रामीण विकास सगळ्यात सोपा. तुमचं फार्महाऊस गावातच आहे ना? सार्वजनिक आरोग्य हवं असेल तर वाढदिवसाच्या रक्तदान शिबिराचे फोटो काढून ठेवा. वास्तुशास्त्रावर मात्र जाऊ नका, कुणीतरी नकाशा वाचायला लावेल.

दुसरा धडा दिल्लीचा. २०१० मध्ये पी. जे. थॉमस केंद्रीय दक्षता आयुक्त झाले. म्हणजे भ्रष्टाचारावर नजर ठेवणाऱ्यांचे प्रमुख. त्यांच्यावर केरळमधल्या पामोलिन आयातीच्या प्रकरणात आरोप होते. निवड समितीत तिघे: पंतप्रधान, गृहमंत्री आणि लोकसभेतल्या विरोधी पक्षनेत्या सुषमा स्वराज. स्वराजबाईंनी लेखी असहमती नोंदवली, तरी दोन विरुद्ध एक असं काम उरकलं. पुढे लिंगडोह यांच्यासारखे माजी मुख्य निवडणूक आयुक्तही याचिकाकर्ते झाले, आणि मार्च २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नेमणूक रद्द ठरवली. केंद्राच्या कार्मिक खात्यातल्याच जुन्या टिपण्यांमध्ये थॉमस यांच्यावर कारवाईची शिफारस होती, त्या समितीपुढे ठेवल्याच नव्हत्या. बघा, चूक कुठे झाली! कागद लपवला तर सापडतो. तुमच्या बाबतीत सगळे कागद जोडायला सांगा. फाईल इतकी जाड करा की समितीतला माणूस पहिल्याच पानावर सही करून जेवायला जाईल. मग कुणी म्हणालं की माहिती दडवली, तर पान ४१२ दाखवायचं.

आता जरा दिलासा. झारखंड राज्य वीज मंडळाच्या अध्यक्षांना उच्च न्यायालयाने घरी पाठवलं होतं, सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये त्यांना परत बसवलं. 'को वॉरंटो'च्या, म्हणजे 'कुठल्या अधिकाराने खुर्चीत बसलास' असं विचारणाऱ्या अर्जात कोर्ट एवढंच विचारतं की बाबा रे, कायद्याने मागितलेली अर्हता तुझ्यापाशी आहे का? तू त्या खुर्चीला शोभतोस का, हा प्रश्न नेमणाऱ्याचा. त्यामुळे जाहिरात निघणार असेल तर ती निघण्यापूर्वी वाचा, आणि शक्य असेल तर तुम्हीच लिहा. 'सामाजिक क्षेत्रातील दीर्घ अनुभव' ही ओळ फार गुणी आहे. दीर्घ म्हणजे किती, हे लिहू नका.

याचिकाकर्त्याची चिंता सरकारी वकिलावर सोडा. अर्ज करून डावललेला कोणी आला तर वकील म्हणतील, मुलाखतीला गुमान बसलात, तेव्हा प्रक्रिया गोड होती, नाव आलं नाही तशी कडू झाली? कोर्टं हे म्हणणं पुष्कळदा मान्यही करतात. अर्जच न केलेला आला तर म्हणायचं, तुमचं काय गेलं? दोन्हींच्या मधला माणूस अजून जन्माला यायचाय. शिवाय उत्तराच्या प्रतिज्ञापत्रात 'राजकीय हेतूने प्रेरित' असं लिहायला विसरू नका. नेमणूक राजकीय आहे हे तिथे कुणी म्हणत नाही, याचिका मात्र राजकीय असते.

आणि वेळेचं गणित मांडा. शिर्डीतसुद्धा निकालाला जवळपास वर्ष लागलं. तुमची मुदत तीन वर्षांची. नोटीस, उत्तर, प्रत्युत्तर, मग सुट्टी, मग खंडपीठ बदललं. अधूनमधून 'धोरणात्मक निर्णय घेऊ नका' असा अंतरिम आदेश येईल, तेव्हा घाबरू नका. धोरणाचं तुमच्या मनात तरी कुठे होतं?

समजा, हरलातच. तरी सह्यांची काळजी करू नका. आंध्रात काही सत्र न्यायाधीशांच्या नेमणुका रद्द झाल्या, तेव्हा त्यांनी शिक्षा दिलेले आरोपी धावत आले की न्यायाधीशच खोटा, तर शिक्षा कशी खरी? सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये सांगितलं की अधिकारपदाच्या आवरणाखाली केलेलं काम टिकतं, नाहीतर लोकांचे हाल होतील. तत्त्व चांगल्यासाठीच आहे. तुम्ही नेमलेला तुमचा भाचा त्यात बसतो का, ते वकिलांना विचारा, पण हळू आवाजात.

लेटरहेड मात्र एकदम पाच हजार छापून घ्या. उरलेल्यांवर नावाखाली पेनने 'माजी' लिहिता येतं. कोर्टाने नेमणूक रद्द केली तरी पुढच्या लग्नसराईत सगळ्या पत्रिकांवर 'प्रमुख उपस्थिती'त तुमचं नाव येणारच, अक्षता पडायच्या आधी माईकवरून पुकारलं जाणारच: 'मा. अध्यक्षसाहेबांनी पुढे यावं.'