अनुकंपा म्हणजे वडिलांची खुर्ची नव्हे

‘सरकारी नोकर सेवेत असताना वारला की त्याच्या मुलाला त्याच पदावर नोकरी मिळतेच’ असा मेसेज फिरतोय. तो चुकीचा आहे. महाराष्ट्रात अनुकंपा नियुक्ती, म्हणजे सेवेत वारलेल्या नोकराच्या वारसाला दिलेली नोकरी, फक्त गट क आणि गट ड मधल्या (लिपिक, शिपाई अशा) पदांवर होते. वडील तहसीलदार होते म्हणून मुलगा तहसीलदार होत नाही. पात्रता असेल तर लिपिक होऊ शकतो, तेही प्रतीक्षासूचीत नंबर लागल्यावर. हा वारसाहक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्येच उमेशकुमार नागपाल प्रकरणात सांगितलंय.

अर्जाला इतर वारसांचं ना-हरकत जोडावं लागतं. खरी भांडणं तिथेच होतात. आणि हो, मुलगा नोकरीला लागला म्हणून आईचं कुटुंब निवृत्तिवेतन बंद होत नाही.