कठीण पातळीचा मोबदला तासाच्या हिशेबाने मोजावा

शाळेत असताना आम्ही दादरच्या ज्या सायबर कॅफेत गेम खेळायला जात होतो, तिथे तासाला २० रुपये पडत. मालक काउंटरवरच्या वहीत प्रत्येकाची बसण्याची वेळ लिहून ठेवत आणि तास भरायला पाच मिनिटे उरली की काही न बोलता खुर्चीमागे येऊन उभे राहत. त्या पाच मिनिटांत मोठा बॉस, म्हणजे टप्प्याच्या शेवटचा बलाढ्य शत्रू, मारायला घ्यायचा की सोडून द्यायचा, हे आम्हाला दर वेळी ठरवावे लागे. आज भांडुपच्या घरी माझा स्वतःचा पीसी आहे, त्याचा एकेक भाग मी लॅमिंग्टन रोडवरून आणून जोडला आहे, आणि तासाचे पैसे आता कुणी मागत नाही. पण लोअर परळहून लोकलने घरी येऊन, जेवण उरकून, मुलगी झोपल्यावर जो वेळ हाती राहतो तो पावणेअकरा ते बारा एवढाच असतो, आणि त्याची किंमत मला त्या २० रुपयांपेक्षा पुष्कळ जास्त वाटते. लूटर-शूटर गेममधील डिफिकल्टी आणि बक्षीस यांच्या नात्याबद्दल मला जे म्हणायचे आहे ते या वेळेच्या हिशेबातून आलेले आहे. कठीण पातळी दर शत्रूमागे किती देते यापेक्षा दर तासाला किती देते हे महत्त्वाचे आहे, आणि माझ्या मते पुष्कळ गेम नेमके इथेच चुकतात.

जे हा प्रकार खेळत नाहीत त्यांच्यासाठी थोडे सांगतो. २००९ साली ‘बॉर्डरलँड्स’ आला आणि बंदुकीच्या खेळाला लुटीची जोड देणारा हा प्रकार घरोघरी पोहोचला. शत्रू मारला की त्याच्याकडून बंदूक, ढाल, ग्रेनेड असे काहीतरी पडते. त्याला ड्रॉप म्हणतात. वस्तूचा रंग तिची पत सांगतो, म्हणजे पांढरी सर्वांत साधी आणि नारिंगी लेजेंडरी. काय पडेल हे संगणक दर वेळी नव्याने फासे टाकून ठरवतो. खेळाडू डिफिकल्टी वाढवतो तेव्हा शत्रूंचा जीव आणि त्यांच्या माऱ्याची ताकद वाढते, आणि त्या बदल्यात चांगली वस्तू पडण्याची शक्यताही वाढते. कागदावर हा व्यवहार न्याय्य दिसतो.

प्रत्यक्षात काय होते हे पाहण्यासाठी मी दोन वर्षांपूर्वी एक वही घातली. एका गेममधला एकच बॉस, तीच बंदूक, आणि वहीत चार रकाने: पातळी, सुरू केल्याची वेळ, संपल्याची वेळ, पडलेल्या लेजेंडरी वस्तू. मधल्या पातळीवर लोडिंग धरून एक फेरी सुमारे अडीच मिनिटांत होत होती, म्हणजे तासाला २४ फेऱ्या, आणि दर फेरीला सरासरी दोन लेजेंडरी. सर्वांत वरच्या पातळीवर तोच बॉस मारायला साडेसात मिनिटे लागत होती, म्हणजे तासाला ८ फेऱ्या, आणि दर फेरीला चार. म्हणजे तासाला मधल्या पातळीवर ४८ लेजेंडरी आणि वरच्या पातळीवर ३२. बक्षीस दुप्पट केले म्हणून वरची पातळी उदार वाटत होती, पण वेळ तिप्पट लागत असल्यामुळे ती प्रत्यक्षात मोबदला कापत होती. त्यात वर कधीमधी मरणे आलेच, आणि ते मी या हिशेबात धरलेलेच नाही. इतके कसब लावून हाती कमी येणार असेल, तर हे डोंगर पोखरून उंदीर काढणे झाले.

खेळाडूंना हा हिशेब कुणी शिकवावा लागत नाही. २००० साली आलेला ‘डायब्लो २’ हा शूटर नव्हे, पण लुटीची आजची सारी घराणी त्याच्याच वंशातली. त्यात एकट्याने खेळतानाही एक आज्ञा टाइप करून गेमला ‘समजा आठ जण खेळत आहेत’ असे सांगता येते. आकडा वाढवला की राक्षसांचा जीव वाढतो, अनुभवाचे गुण वाढतात आणि काहीच न पडण्याची शक्यता कमी होते. जाणकारांनी हे गणित उलगडून पाहिले तेव्हा असे दिसले की एकट्या खेळाडूसाठी लुटीतला हा फायदा विषम आकड्यांवरच वाढतो; ७ वरून ८ वर गेल्यास राक्षस अधिक टणक होतात, पण लूट तेवढीच राहते. म्हणून ज्यांना फक्त लूट हवी ते ८ ऐवजी ७ लिहितात. यात आळस नाही. खेळाच्या रचनेकडे इतक्या बारकाईने पाहणाऱ्या माणसांना त्यांच्या कष्टाच्या प्रमाणात द्यायला हवे, एवढाच त्याचा अर्थ मी घेतो.

‘बॉर्डरलँड्स ३’चे उदाहरण मला सर्वांत बोधक वाटते, कारण तिथे निर्मात्यांनी एकाच गेममध्ये वेगवेगळे उपाय करून पाहिले. २०१९ साली गेम आला तेव्हा मेहेम नावाच्या तीन जादा पातळ्या होत्या आणि पुढे चौथी आली. एप्रिल २०२० मध्ये सगळी पद्धत बदलून दहा पातळ्या केल्या गेल्या आणि एक महत्त्वाचा फरक झाला: वस्तू ज्या मेहेम पातळीवर पडली, त्या पातळीची ताकद तिच्यात उतरू लागली. म्हणजे आता वर खेळल्याने नुसती जास्त लूट मिळत नव्हती, अधिक जोरदार लूट मिळत होती. उद्देश चांगला होता, कारण तासाच्या हिशेबावर दर्जाने मात करण्याचा तो प्रयत्न होता. पण त्याचा परिणाम असा झाला की आधीच्या सहा-सात महिन्यांत जमवलेल्या बंदुका एका रात्रीत फिक्या पडल्या आणि दहाव्या पातळीवर मोजक्याच बंदुका चालू लागल्या. पुढच्या अनेक अपडेटमध्ये बंदुकांची ताकद वाढवून आणि शत्रूंचा जीव कमी करून हे निस्तरावे लागले. मला अधिक खटकले ते मधल्या पायऱ्यांचे. पाचव्या पातळीवर पडलेली बंदूक दहाव्यावर निरुपयोगी ठरणार हे एकदा कळले की पाचव्यावर वेळ घालवायला कुणी राजी होत नाही. जो तो एखाद्या ताकदवान मित्राचा हात धरून थेट दहाव्यावर उडी घेतो. शिडी दहा पायऱ्यांची, पण वापरात फक्त पहिली आणि शेवटची.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये तिथे अकरावी पातळी आली. ती दहाव्याइतकीच कठीण होती, पण खेळाचे नियम वाकडेतिकडे करणारे बदल तिच्यात नव्हते आणि त्या सवलतीच्या बदल्यात बक्षिसाला थोडी कात्री लावलेली होती. हा मला प्रामाणिक सौदा वाटतो. त्रास कमी, म्हणून मोबदला कमी, आणि हे आधीच सांगून.

डिफिकल्टी म्हणजे काय, हाही यातलाच प्रश्न आहे. ‘बॉर्डरलँड्स २’च्या सर्वांत कठीण पातळीत शत्रूंचा जीव इतका वाढवला होता की मारा अधिक लागावा म्हणून आधी त्यांच्यावर स्लॅग नावाचा जांभळा द्रव उडवून मग मारणे जवळजवळ सक्तीचे झाले. २०१६ च्या ‘द डिव्हिजन’मध्ये टोपीचे जॅकेट घातलेला साधा गुंड मॅगझीनच्या मॅगझीन पचवून उभा राही, आणि बुलेट स्पंज, म्हणजे स्पंजासारखा गोळ्या शोषणारा शत्रू, हा शब्द त्या वेळी आम्हा सगळ्यांच्या तोंडी बसला. शत्रूचा जीव वाढवणे हा डिफिकल्टी वाढवण्याचा सर्वांत सोपा मार्ग आहे, आणि तोच खेळाडूच्या वेळेवर सर्वांत जास्त भार टाकतो. शत्रू हुशार झाला, त्याने बाजूने घेरले, आपली एक चूक महाग पडू लागली, तर फेरीचा वेळ तिप्पट होत नाही. कसब मात्र खरोखर लागते, आणि मग दुप्पट बक्षीस खरोखरच दुप्पट राहते.

पण वेळेला मोजमापात धरायचे म्हणजे घड्याळ लावायचे, असेही नाही. एप्रिल २०२१ मध्ये आलेल्या ‘आउटरायडर्स’ने शेवटच्या टप्प्यातील मोहिमांना वेळेची अट घातली होती, जितक्या लवकर संपवाल तितके वरचे पदक आणि तितके जास्त बक्षीस. त्यामुळे संघातला जो सोबत्यांना सांभाळतो, त्यांच्यावरचा मारा स्वतःवर घेतो, त्याला कुणी विचारेना, कारण घड्याळाला फक्त मारा करण्याची ताकद कळत होती. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरच्या अपडेटमध्ये ही अट काढून टाकली गेली, आणि मला तो त्या गेममधला सर्वांत शहाणपणाचा बदल वाटतो. वेळेचा हिशेब बनवणाऱ्याने आपल्या टेबलावर बसून करावा, खेळणाऱ्याच्या डोक्यावर टांगू नये.

आता नशिबाबद्दल. समजा एखादी बंदूक पडण्याची शक्यता ५ टक्के आहे. ६० वेळा बॉस मारूनही ती न मिळण्याची शक्यता साडेचार टक्क्यांच्या आसपास उरते, म्हणजे दर १०० खेळाडूंमागे चार-पाच जण ६० फेऱ्यांनंतरही रिकाम्या हातांनी उठतात. सप्टेंबर २०१४ मध्ये आलेल्या पहिल्या ‘डेस्टिनी’त याचे टोक दिसले. २० च्या पुढची लेव्हल अंगावरच्या चिलखतावर अवलंबून होती, सर्वोच्च लेव्हल ३० होती, आणि तिथे पोहोचायला रेडमधून, म्हणजे संघाने मिळून करायच्या सर्वांत कठीण मोहिमेतून, पडणारे चिलखत लागे. रेडचे बक्षीस आठवड्यातून एकदाच मिळत होते आणि त्यात काय निघेल हे फासे ठरवत. रेड पुनःपुन्हा जिंकलेले लोक एका तुकड्यासाठी आठवडेच्या आठवडे २९ वर अडकून पडले, आणि ‘कायमचे २९’ ही त्यांची ओळखच झाली. सर्वांत कठीण काम त्यांनी केले होते. कसबात कमतरता नव्हती. २०१५ च्या शरदात ही पद्धत बदलली गेली, पण तोवर अनेकांचा पाय निघून गेला होता.

म्हणूनच मला वाटते की कठीण पातळीने सर्वांत आधी जी गोष्ट द्यावी ती म्हणजे खात्री. २०२० साली ‘वॉरफ्रेम’ने स्टील पाथ नावाची कठीण पातळी आणली. तिच्यात शत्रूंची लेव्हल १०० ने वाढते, पण त्याचबरोबर स्टील एसेन्स नावाचे नाणे जमू लागते आणि ठरलेल्या ठिकाणी, ठरलेल्या किमतीला, आठवड्यागणिक बदलणाऱ्या वस्तू विकत घेता येतात. फासे उलटे पडले तरी संध्याकाळ वाया जात नाही. नाणी जमलेली असतात आणि आणखी किती हवीत हे दिसत असते. याच गेमचे निर्माते कोणाकडून काय आणि किती टक्के पडते याचे तक्ते स्वतः जाहीर करतात. २०२४ च्या ‘द फर्स्ट डिसेंडंट’मध्ये तर ती टक्केवारी गेमच्या आतच वाचता येते. ३ टक्के हा आकडा वाचून मन खट्टू होते हे खरे, पण आज रात्री त्यामागे लागायचे की नाही हे मी डोळे उघडे ठेवून ठरवू शकतो.

खात्रीचा मुद्दा मला इतका जिव्हाळ्याचा का वाटतो, त्यामागे गेल्या जुलैतली एक रात्र आहे. ठाण्याचा माझा मावसभाऊ आणि मी, दोघे सर्वांत वरच्या पातळीवर उतरलो होतो. पस्तीस मिनिटे झाली होती, शेवटच्या बॉसचा जीव एक अष्टमांश उरला होता, बाहेर पाऊस कोसळत होता आणि मी पुन्हा जिवंत होण्याचा शेवटचा डाव राखून खेळत होतो. हेडफोनमध्ये तो म्हणाला, “दादा, डावीकडे ये, मी धरलंय त्याला,” आणि त्याचा आवाज ‘धरलंय’वरच तुटला. राउटरवरचा दिवा लाल झाला होता. दहा मिनिटांनी जोडणी परत आली तेव्हा मी मुख्य मेनूवर होतो, आणि त्या गेममध्ये सगळे बक्षीस शेवटच्या पेटीतच ठेवलेले असल्यामुळे पस्तीस मिनिटांचे माझ्या नावावर काहीही जमा नव्हते. मुंबईच्या पावसाला गेम बनवणारे जबाबदार नाहीत. पण पहिला आणि दुसरा बॉस मारल्यावर त्यांचा वाटा तिथल्या तिथे खात्यात पडला असता, तर कठीण पातळी तसूभरही सोपी झाली नसती.

मावसभावाचे मत माझ्यापेक्षा वेगळे आहे आणि ते मी मनावर घेतो. तो १९ वर्षांचा आहे, त्याचा हात चांगला चालतो, आणि त्याचे म्हणणे असे की जे वर मिळते ते खाली मिळताच कामा नये, नाहीतर वर जायचे कशाला. ‘डेस्टिनी २’ने २०२१ पासून ग्रँडमास्टर नाइटफॉल या सर्वांत कठीण मोहिमांमध्ये अडेप्ट, म्हणजे नेहमीच्याच बंदुकांच्या सुधारित आवृत्त्या, ठेवल्या तेव्हा हेच केले, आणि ते मला पटते, कारण त्या बंदुका साध्या आवृत्तीपेक्षा थोड्याच सरस होत्या आणि साधी आवृत्ती इतरांनाही मिळत होती. वरच्याला मान मिळाला, खालचा उपाशी राहिला नाही. जी बंदूक नसेल तर एखादी बिल्ड, म्हणजे शस्त्रे आणि कौशल्यांची जुळवणी, उभीच राहत नाही, तीच जेव्हा सर्वांत वरच्या पातळीत कोंडली जाते, तेव्हा मात्र माझा विरोध आहे. ती बिल्ड करून पाहण्याचा आनंद वर जाण्याच्या वाटेवरच मिळायला हवा.

वही अजून चालू आहे. मावसभावाने आता तिच्यात पाचवा रकाना घालायला लावला आहे, मेल्यामुळे वाया गेलेल्या मिनिटांचा, आणि शनिवारी रात्री आम्ही दोघे मिळून सातव्या पातळीच्या २० फेऱ्या मोजणार आहोत. तुमच्यापैकी कुणी अशी नोंद ठेवली असेल, तर गेमचे नाव, पातळी, एका फेरीचा वेळ आणि पडलेल्या वस्तू एवढ्या चार गोष्टी मला इथेच लिहून कळवा. मी त्या वहीत उतरवून घेईन.